बाबा संपात कामावर गेले होते का?

गेल्या अंकात मी लिहिलं होतं की घरातल्या किंवा ओळखीतल्या माणसावर लिहीत असाल आणि गाडी अडली असेल, तर कळवा. बरीच पत्रं आली. एका आजोबांनी तर सगळं हस्तलिखितच स्पीड पोस्टाने धाडलं. (आजोबा, वाचतेय. अक्षर दिसायला सुरेख आहे, लागायला अवघड.) नव्या वाचकांसाठी एवढंच सांगते की मी शब्दांकन करते. लोक बोलतात, मी लिहिते. मुखपृष्ठावर त्यांचं नाव येतं, आतल्या पानावर बारीक टायपात माझं. एक कारखानदार, दोन मुख्याध्यापिका, एक निवृत्त फौजदार, एक ढोलकीवाले, अशा बऱ्याच जणांच्या वतीने 'मी' म्हणून लिहून झालंय. त्यामुळे दुसऱ्याच्या आयुष्यात शिरण्याबद्दलची माझी मतं जरा हटवादी आहेत. चालवून घ्या.

प्रश्न : माझे वडील मुंबईत लालबागच्या एका कापड गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर, होते. आम्ही भावंडं आईबरोबर गावी, कणकवली तालुक्यात वाढलो. बाबा गणपतीला आणि जमलं तर शिमग्याला यायचे. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली. आता घरच्यांपुरतं साठ-सत्तर पानांचं पुस्तक करतोय. चुलतभाऊ म्हणतो, ८२च्या संपात काका शेवटी कामावर गेले होते. आई म्हणते, शक्यच नाही, ते संपाचे पुढारी डॉक्टर दत्ता सामंतांचे माणूस. खरं काय ते कसं शोधू? आणि गेले असतील तर लिहू का?
– एक वाचक, कणकवली

उत्तर : 'खरं काय' हा प्रश्न तूर्त बाजूला ठेवा. आधी हे लिहून काढा की तेव्हा कोण कुठे होतं. आई गावी होती. म्हणजे तिला जे माहीत आहे ते बाबांनी तिला जे सांगितलं तेच. चुलतभाऊ तेव्हा त्याच खोलीवर राहत होता की शाळेत होता? तो स्वतः गिरणीत असेल तर त्याचं बोलणं वेगळं, आणि त्याच्या वडिलांकडून ऐकलेलं सांगत असेल तर ते आणखी वेगळं. त्याच्या वडिलांचं आणि तुमच्या वडिलांचं जमिनीवरून वाजलेलं होतं का, हेही विचारून घ्या. मी कोकणातली नाही, पण कोकणातल्या भावाभावांच्या गोष्टी ऐकून आहे.

दुसरं म्हणजे 'शेवटी' हा शब्द. संप १८ जानेवारी १९८२ला सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात होते, आणि तो अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. त्याला सुरुवातीची तारीख आहे, शेवटची नाही. मग 'शेवटी कामावर गेले' म्हणजे कधी? पहिल्या काही महिन्यांत, पोलीस बंदोबस्तात आत नेलेल्या माणसांबरोबर? की दीड-एक वर्षाने, घरातलं किडूकमिडूक संपल्यावर, गिरणी निम्म्यावर चालू झाली तेव्हा? की ऑक्टोबर १९८३मध्ये केंद्र सरकारने मुंबईतल्या १३ गिरण्यांचं व्यवस्थापन ताब्यात घेतलं त्यानंतर? पहिल्याला चाळीत 'फितूर' म्हणत. शेवटच्याला कुणी काही म्हणायच्या अवस्थेत उरलं नव्हतं. चुलतभावाला महिना विचारा. महिना नाही आठवला तर सण विचारा. दहीहंडीच्या आधी की नंतर, एवढं माणसाला आठवतं.

आता कागद. प्रॉव्हिडंट फंडाच्या स्लिपा, ईएसआयचं (कामगार विम्याचं) कार्ड, गिरणीचा पास, बदली कामगार असतील तर बदली कार्ड. गिरणी कामगारांच्या घरांसाठी म्हाडाकडे तुम्ही अर्ज केला असेल तर हे सगळं एका फाइलीत आधीच गोळा झालेलं असेल. फंडाच्या वर्गणीत खंड कुठे पडला आणि पुन्हा कुठून सुरू झाली, ते बघा. आणि आईच्या ट्रंकेत मनीऑर्डरीचे तळाचे तुकडे आहेत का? मनीऑर्डरीच्या फॉर्मला संदेशासाठी छोटी जागा असायची, तो तुकडा घेणाऱ्याकडे राहायचा. पुष्कळ बायकांनी ते जपून ठेवलेत, पैसे मिळाल्याचा पुरावा म्हणून. तुम्हाला त्यावरची तारीख हवी आहे.

आईला मात्र 'बाबा कामावर गेले होते का' असं पुन्हा विचारू नका. त्याचं उत्तर तिने एकदा दिलंय, आता ती ते बदलणार नाही, आणि बदलूही नये. तिला विचारा, त्या वर्षी लावणीला जोत कुणी धरलं? संपात कितीतरी कामगार गावी आले होते. बाबा असतील तर ती सांगेल, 'तेच होते, चिखलात पाय टाकायची सवय गेलेली, पहिल्या दिवशी कंबर धरली.' नसतील तर शेजाऱ्याचं नाव सांगेल. ही माहिती ती अगदी सहज देईल, कारण हा प्रश्न नवऱ्याच्या अब्रूचा नाही.

आणि खानावळ. तुमचे बाबा गाळ्यात, म्हणजे बऱ्याच कामगारांच्या सामायिक खोलीत, राहत असतील तर दोन वेळा कुणाकडे तरी जेवत होते. खानावळ चालवणाऱ्या या बायकांची संघटना, अन्नपूर्णा महिला मंडळ, प्रेमाताई पुरव यांनी १९७५ साली उभी केली. त्या पिढीतल्या बायका आता फार थोड्या असतील, पण त्यांच्या मुली-सुना असतील. खानावळवालीला कोण कुठल्या पाळीला जातो ते ठाऊक असायचंच, कारण डबा त्याप्रमाणे भरावा लागायचा. कुणाचं बिल किती महिने थकलं, कोण आजारी पडला, कोण दारू प्यायला लागला, हे तिला बायको-मुलांच्या आधी कळायचं. तुम्हाला बाबा वर्षातून तीन-चार आठवडे मिळाले, तिला बाकीचे सगळे. वाचायला कडू आहे, पण पुस्तक करायचं तर त्या बाईचा पत्ता काढा.

इतकं करूनही उत्तर मिळणार नाही, अशी शक्यता आहे. तर मग तसंच लिहा. चुलतभाऊ अमुक ठिकाणी होता, तो असं म्हणतो. आई गावी होती, ती तसं म्हणते. फंडाच्या कागदावर हे आहे. तिघांनाही आपापल्या जागी उभं राहू द्या, एकाच्या तोंडावर दुसऱ्याने हात ठेवायला नको. वाचणारी नातवंडं बिनडोक नसतात.

आणि गेले होते असं निघालं तर? लिहा. फक्त कारण त्यांच्या तोंडी घालू नका. 'मुलांच्या शिक्षणासाठी त्यांनी काळजावर दगड ठेवून निर्णय घेतला' हे वाक्य तुमच्या मनात आत्ताच तयार असणार, मला माहीत आहे. ते त्यांनी कधी, कुणाजवळ म्हटलं होतं? म्हटलं नसेल तर ते तुमचं वाक्य आहे, बाबांचं नव्हे. तसंच 'त्या रात्री त्यांना झोप लागली नसेल'. लागलीही असेल. 'असेल'ने संपणारी वाक्यं मोजा आणि शक्य तितकी काढा. डॉक्टर सामंतांच्या सभेला जाणारा आणि पुढे गिरणीत परत जाणारा माणूस एकच असू शकतो. त्याला सुसंगत करायची जबाबदारी तुमच्यावर कुणी टाकलेली नाही.

प्रश्न : मी एम.ए.ला आहे. डॉ. आनंदीबाई जोशींवर प्रबंधिका लिहितेय. कादंबरी वाचली, चित्रपट पाहिला, दोन चरित्रं वाचली. प्रत्येकात वेगळीच बाई दिसते. यातली खरी आनंदी कुठली? मार्गदर्शक म्हणतात, तुलना कर. पण तुलना करून खरी कशी सापडणार?
– एक विद्यार्थिनी, नांदेड

उत्तर : ताई, तुझ्या मार्गदर्शकांशी भांडायची माझी इच्छा नाही, पण तुझा मुद्दा बरोबर आहे. चार प्रती शेजारी ठेवून सरासरी काढली तर पाचवी प्रत तयार होते, मूळ माणूस काही सापडत नाही.

हाडाचा सांगाडा सगळ्यांना मान्य आहे. ३१ मार्च १८६५चा जन्म, माहेरचं नाव यमुना. नवव्या वर्षी लग्न, नवरा गोपाळराव टपालखात्यात कारकून, बिजवर, वीसेक वर्षांनी मोठा. चौदाव्या वर्षी मूल झालं, ते दहा दिवसांत गेलं. १८८३मध्ये एकटी अमेरिकेला. ११ मार्च १८८६ला फिलाडेल्फियाच्या विमेन्स मेडिकल कॉलेजची पदवी. वर्षाच्या आतच, २६ फेब्रुवारी १८८७ला पुण्यात क्षयाने मृत्यू. बावीस पूर्ण व्हायला महिनाभर होता. यात कुणाचा वाद नाही, आणि यात ती बाईही नाही.

आता बघणारे कुठे उभे होते ते बघ. ती गेल्यानंतर पुढच्याच वर्षी, १८८८मध्ये, कॅरोलिन हीली डाल यांनी इंग्रजीत तिचं चरित्र काढलं, तेही बॉस्टनहून. डालबाई अमेरिकेतल्या स्त्रीहक्कांच्या चळवळीतल्या. त्यांचा वाचक अमेरिकन, त्याला हिंदू घर म्हणजे काय इथपासून सांगायचं. मग मराठीत काशीबाई कानिटकरांनी लिहिलं. काशीबाई १८६१च्या, म्हणजे आनंदीबाईंहून चारच वर्षांनी मोठ्या. लग्नानंतर, घरातल्या बायकांचे टोमणे सोसत वाचायला शिकलेल्या. नवऱ्याच्या आग्रहाने शिकणं म्हणजे काय, हे डालबाईंना पुस्तकातून कळलं असेल, काशीबाईंना स्वतःच्या स्वयंपाकघरातून माहीत होतं. पुढे ऐंशी वर्षांनी, १९६८ला श्री. ज. जोशींची 'आनंदी गोपाळ' ही कादंबरी आली आणि तिने गोपाळरावांना असं काही उभं केलं की मराठी माणसाच्या मनात आजही आनंदीबाई एकट्या येत नाहीत. कादंबरीकाराला तो हक्क आहे, तो बंद दाराआड जाऊ शकतो. तुला तिथे जायचं नाही, तुझ्याकडे तळटीपा आहेत.

तू एक कर. सगळी पुस्तकं मिटून तिच्या एका पत्रापाशी जा. अमेरिकेतून तिने गोपाळरावांना लिहिलेलं आहे, अभ्यासकांच्या लेखनात ते तुला सापडेल. त्यात ती जुना हिशेब काढते. दहाव्या वर्षी मोडक्या लाकडांनी मारलंत, बाराव्या वर्षी अंगावर खुर्च्या आणि पुस्तकं फेकलीत, सोडून जाण्याची धमकी दिलीत. पुढे ती म्हणते की तुमचं वागणं चांगलं होतं की वाईट, हे ठरवणं अवघड आहे. शेवटाकडे पाहिलं तर बरोबर वाटतं, पण लहान मुलीच्या मनावर काय परिणाम झाला असता ते पाहिलं तर चूक म्हणावं लागतं. (मी माझ्या शब्दांत सांगतेय, तू मुळातलं घे.)

बघ, जिच्या अंगावर खुर्ची आली तिला स्वतःला ठरवता आलं नाही. आणि आपण सव्वाशेहून जास्त वर्षांनी नाटक बघून आल्यावर रिक्षात बसेपर्यंत ठरवतो, गोपाळराव देव की राक्षस. आमच्या ओळखीत यावरून दोन मैत्रिणींचा महिनाभर अबोला झालाय.

आणि हेही विसरू नकोस की ते पत्र गोपाळरावांना लिहिलेलं आहे. न्यू जर्सीच्या थिओडिशिया कार्पेंटरबाईंना ती मावशी म्हणून लिहायची, तो सूर वेगळा. एकाच हाताने, थोड्याफार एकाच काळात लिहिलेली दोन पत्रं घे आणि कुणाला काय सांगितलंय, कुणापासून काय ठेवलंय, ते लाव. तिच्या स्वतःच्या अक्षरातसुद्धा ती पूर्ण नाही, समोर कोण आहे त्याप्रमाणे आहे. तू तुझ्या आईला आणि वर्गमैत्रिणीला एकसारखे मेसेज करतेस का?

तिची रक्षा कार्पेंटरबाईंकडे पाठवली गेली आणि न्यूयॉर्क राज्यातल्या पोकिप्सीच्या स्मशानभूमीत, त्यांच्या घराण्याच्या जागेत ठेवली. तिथल्या दगडावर काय कोरलंय माहीत आहे? शिक्षणासाठी भारत सोडणारी पहिली ब्राह्मण स्त्री. नावापुढे एम.डी. आहे, पण ओळखीच्या ओळीत जात आहे. दगड बसवणाऱ्यांना तीच गोष्ट विलक्षण वाटली. तुझ्या प्रबंधिकेचं एक प्रकरण एवढ्या ओळीवर होईल, आणि 'खरी आनंदी कोण' यापेक्षा ते जास्त भरीव होईल.

प्रश्न : आई ७९ वर्षांची आहे. तिच्याबद्दल लिहावं म्हणून मोबाइल रेकॉर्डिंगला लावून बसते, तर म्हणते, 'माझ्यात काय सांगण्यासारखं? लग्न झालं, तुम्ही झालात.' पुढे गप्प. काय करू?
– एक लेक, सोलापूर

उत्तर : तिला तिच्याबद्दल विचारू नका. बायकांच्या त्या पिढीला 'मी'ने वाक्य सुरू करायची सवयच लावलेली नाही. दुसऱ्या कुणाबद्दल तरी विचारा. लक्ष्मीबाई टिळकांची गोष्ट तुम्हाला ठाऊक असेल. रेव्हरंड टिळक १९१९ला गेले. मुलाला वडिलांचं चरित्र लिहायचं होतं म्हणून त्याने आईला आठवणी लिहून मागितल्या. आई नवऱ्याबद्दल लिहायला बसली आणि तयार झाली 'स्मृतिचित्रे'. १९३४ला तिचा पहिला भाग आला. आज टिळकांची कविता किती जण वाचतात ते सांगता येत नाही, लक्ष्मीबाई मात्र अजून घरोघर वाचल्या जातात.

दुसरा उपाय माळ्यावर आहे. जुनी भांडी खाली काढा आणि त्यांच्यावर कोरलेली नावं वाचायला घ्या. 'चि. सौ. कां. अमुक हिस मामाकडून', तारीख, गाव. हे घंगाळ कुठल्या मामाने दिलं, तो पुढे लग्नाला का आला नाही, हा तांब्या कुणाच्या बारशाचा आणि ते मूल कुठे आहे? एका दुपारी चार भांडी पुरतात. लग्नाआधीच्या भांड्यावर तिचं माहेरचं नाव असेल तर त्या नावाने तिला हाक मारून बघा. मोबाइल ओट्यावर पालथा ठेवा. समोर धरलात की ती पुन्हा पाहुण्यांशी बोलल्यासारखी बोलायला लागेल.

प्रश्न : चरित्रात लिहिणाऱ्याचा चष्मा येतो हे मान्य. पण आत्मचरित्र तर खरं ना? ते स्वतः जगलेल्यानेच लिहिलेलं असतं.
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : माझा धंदाच तो आहे, तरी सांगते, नाही. फौजदारांनी मला तीन दुपारी बदल्यांबद्दल सांगितलं आणि धाकट्या मुलाबद्दल एक शब्द काढला नाही. भिंतीवर त्याचा फोटो होता, हार घातलेला. मी विचारलं नाही. त्या पुस्तकात तो मुलगा नाही.

पण हे केवळ संकोचाने होतं असं समजू नका. फलटणच्या बेबीताई कांबळे किराणा दुकानात बसून, घरच्यांपासून लपवून लिहीत. 'जिणं आमुचं' १९८६ला पुस्तकरूपाने आलं. महार वाड्यातल्या बायकांचं इतकं रोखठोक चित्र तोवर मराठीत आलेलं नव्हतं, आणि घराघरांतल्या मारहाणीबद्दलही त्यात उघड लिहिलंय. त्यांना स्वतःला नवऱ्याकडून जे सोसावं लागलं ते मात्र पुस्तकात नाही, ते त्यांनी नंतर मुलाखतीत सांगितलं. त्यांना लिहायची होती वस्तीची कहाणी, एकटीची नव्हे. हा त्यांचा निर्णय होता आणि तो चांगला विचार करून घेतलेला होता. म्हणून ते पुस्तक खोटं ठरतं का? मुळीच नाही. पण ते वाचून 'मला बेबीताई कळल्या' असं म्हणणाऱ्याला त्या दुकानात उभं करून विचारावंसं वाटतं, कळल्या म्हणजे नक्की काय कळलं?

प्रश्न : आमच्याकडे वीस वर्षं कामाला येणाऱ्या मावशींवर व्यक्तिचित्र लिहिलंय. सोबत जोडतेय. दिवाळी अंकाला पाठवू का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : नका पाठवू, निदान आत्ता तरी. भाषा तुमची चांगली आहे, निरीक्षणही आहे. हातातल्या बांगड्या कोपरापर्यंत सारून भांडी घासण्याची लकब मला दिसली. पण चौदाशे शब्दांत मावशींचं आडनाव एकदाही आलेलं नाही. त्या राहतात कुठे, तर 'पलीकडच्या वस्तीत'. पलीकडची म्हणजे कुठली? शेवट असा की सापडलेली सोन्याची कुडी त्यांनी परत आणून दिली आणि तुमचे डोळे पाणावले. मराठीत कामवाल्या बाईचं व्यक्तिचित्र आणि कुडी-अंगठी-पाकीट परत करणं यांची सांगड इतकी घट्ट आहे की एखादीने काहीच परत केलं नाही तर ती व्यक्तिचित्राला अपात्र ठरावी. तुमच्या साहेबांनी ऑफिसचं पेन परत केलं तर त्यावर कुणी लिहीत नाही.

तुम्ही त्यांना सकाळी नऊ ते साडेदहा ओळखता. त्या तुम्हाला चोवीस तास ओळखतात. तुमच्या गोळ्या कुठल्या, सासूबाई कुठल्या खोलीत झोपतात, कुठल्या रात्री दोन ताटं न वापरता राहिली, हे त्यांना न विचारता कळतं. खरं व्यक्तिचित्र त्या तुमच्यावर लिहू शकतील. हाच धागा धरून लिहिलंत तर लेख वेगळा होईल: वीस वर्षांत तुम्ही त्यांना काय काय विचारलं नाहीत. ती यादी प्रामाणिकपणे केलीत तर दोन पानं भरतील.

लिहून झालं की मावशींना वाचून दाखवा. नंतर नव्हे, छापण्याआधी. आणि कामाच्या वेळात नव्हे, त्यांना बसायला खुर्ची देऊन. त्या म्हणतील, 'छान आहे वहिनी.' त्याला अर्थ नाही, तुमच्याकडून पगार घेणारी बाई दुसरं काय म्हणणार. त्यांच्या शिकलेल्या मुलीला वाचायला द्या. ती कपाळाला आठ्या घालेल तिथे खूण करा आणि तेवढं काढा. मानधन आलं तर निम्मं त्यांचं. हा शेवटचा मुद्दा पुष्कळांना पटत नाही, तरी मी तो सोडत नाही.

प्रश्न : माझ्या काकांवर लिहायचंय, ते ८४ वर्षांचे आहेत. चरित्र माणूस हयात असताना लिहावं की गेल्यावर?
– एक वाचक, मिरज

उत्तर : हयात असताना विचारता येतं, गेल्यावर लिहिता येतं. मधली वाट नाही. धनंजय कीर यांनी बाबासाहेबांचं इंग्रजी चरित्र १९५४ला काढलं, बाबासाहेब हयात असताना. त्याचा मोठा फायदा झाला. पण नागपूरची धम्मदीक्षा १४ ऑक्टोबर १९५६ची. म्हणजे आज ज्या घटनेवाचून बाबासाहेबांचं चरित्र सुरूच होऊ शकत नाही, ती पहिल्या आवृत्तीत असणं शक्यच नव्हतं, पुढच्या आवृत्त्यांत घालावी लागली. तुमचे काका ८४ वर्षांचे आहेत म्हणता, तर विचारायचं ते या महिन्यात विचारून घ्या. आणि 'आता त्यांच्या आयुष्यात काय घडायचंय' असं गृहीत धरू नका.

प्रश्न : यजमान जिल्हा परिषदेत कारकून होते, मागच्या वर्षी गेले. एलआयसीच्या आणि बँकेच्या फुकट मिळालेल्या डायऱ्यांनी कपाट भरलंय, दरवर्षीची एक. मुलं म्हणतात, यातून वर्षश्राद्धाला छोटं पुस्तक करू. मी वाचायला घेतल्या तर काय, दूध इतकं, रॉकेल इतकं, पाऊस झाला, एसटी चुकली. मनातलं एक अक्षर नाही. माझा उल्लेख म्हणजे 'सौ.ला ताप. रजा टाकली.' एवढ्या वर्षांच्या संसारात मला हा माणूस कळला नाही, असं आता वाटायला लागलंय. या डायऱ्यांचं काय करू?
– एक वाचक, जळगाव

उत्तर : वहिनी, आधी सांगते, 'मनातलं' लिहिलेल्या डायऱ्याही मी वाचल्यात. त्या पुष्कळदा कुणीतरी वाचावं म्हणून लिहिलेल्या असतात. तुमच्या यजमानांनी कुणालाच नजरेपुढे ठेवलं नाही. दूध आणि रॉकेल लिहिणारा माणूस खोटं लिहीत नाही, कारण त्याला त्यातून काही मिळत नाही.

मुलांना सांगा, निवडक नोंदी काढून 'कष्टाळू बाबा' तयार करू नका. ते पुस्तक मी न वाचता सांगू शकते. त्यापेक्षा एक वर्ष घ्या, मधलं, ज्यात घरात काही खास घडलेलं नाही असं, आणि ते जसंच्या तसं टाइप करा, ३६५ दिवस. समोरच्या पानावर तुम्ही लिहा, जिथे तुम्हाला आठवतं तिथे. 'एसटी चुकली' असं ते लिहितात. त्या संध्याकाळी तुम्ही पोळ्या किती वेळा गरम केल्या, ते तुम्हाला माहीत आहे. जिथे नाही आठवत तिथे पान कोरं सोडा. मुलं म्हणतील, कोरी पानं कशाला, छपाईचा खर्च वाढतो. वाढू द्या. खोडून काढलेल्या नोंदी असतील तर त्याही 'खोडलेलं' म्हणून घाला. आणि खर्च लिहायचा एखादा दिवस अजिबात सुटलेला असेल तर तो तारखेसह बाजूला काढा. रोज लिहिणाऱ्या माणसाने काय लिहिलं यापेक्षा कधी लिहिलं नाही, ते मला आधी बघावंसं वाटतं.

'सौ.ला ताप. रजा टाकली' हे मात्र तुम्ही जरा घाईने वाचलंत असं मला वाटतं. तुम्हाला ते कोरडं वाटलं. तुमची मुलगी वाचेल आणि म्हणेल, बघ, बोलले नाहीत पण रजा टाकून घरी राहिले, केवढं प्रेम. मला दोन्ही इतक्यात मान्य नाही. नोंद कुठल्या महिन्यातली आहे? किरकोळ रजा वर्ष संपलं की बुडते. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यातली असेल तर तुमच्या तापाने त्यांच्या रजेची सोय झाली, असंही असू शकतं. जून-जुलैतली असेल, पेरणीच्या आणि जिल्हा परिषदेतल्या बदल्यांच्या गडबडीतली, तर साहेबांपुढे उभं राहून ती मागावी लागली असणार, आणि मग तुमच्या मुलीचं म्हणणं मी मनावर घेईन.

तारीख आणि साल कळवा. रजा किरकोळ होती की अर्जित, तेही मागच्या-पुढच्या पानांत बघा. कारकून माणूस, कुठेतरी शिल्लक रजेचा हिशेब मांडलेला असेल.